रडल्याबिगर आत न्हाय

अंबुबाईचं कौतुक ऐकायला कुणी माझ्याकडे आलं, की मी आधी तिचं तोंड किती वाईट होतं ते सांगते. म्हणजे ऐकणाऱ्याचा भक्तिभाव जरा खाली येतो आणि मला बोलायला बरं पडतं. ती देवमाणूस वगैरे काही नव्हती. हेकट होती, शिवराळ होती, मिश्री लावून गिरणीच्या भिंतीवर थुंकायची, आणि एखादी गोष्ट तिच्या डोक्यात शिरली की ब्रह्मदेव आला तरी ती बाहेर काढू शकत नसे. मी तिच्याबरोबर एका छपराखाली कित्येक वर्षं काम केलं. आमचं फारसं पटत नव्हतं. तरी लहान पोरं सांभाळण्याचा विषय निघाला की माझ्या तोंडी पहिलं नाव तिचंच येतं, त्याला माझा इलाज नाही.

ती सांगोल्याकडची धनगर. नवऱ्याचं नाव येडू. एका साली मेंढरांत रोग शिरला, बघता बघता वाडगं रिकामं झालं, आणि त्याच हिवाळ्यात नवरा तापानं गेला. मूलबाळ नव्हतं. 'मला पोर न्हाय,' हे ती पहिल्या भेटीतच सांगून टाकायची, म्हणजे दुसऱ्या कुणी उकरून काढायला नको. सोलापुरात येऊन ती आधी गिरणीत वाया गेलेला कापूस झाडायची. पुढे डोळे अधू होईपर्यंत पाळणाघरात राहिली आणि मग सांगोल्याला पुतण्याकडे निघून गेली. जाताना माझ्याशी भांडून गेली. कशावरून ते आता आठवत नाही.

सोलापुरात तीस साली इंग्रजांनी लावलेला मार्शल लॉ उठला त्याच्या पुढच्या साली आमच्या गिरणीनं पाळणाघर काढलं. गिरणीत रीळ खातं म्हणजे बायकांचं खातं, तिथं सूत रिळांवर भरायचं काम चाले. त्याच्या मागं कापसाचं एक जुनं गुदाम होतं. ते चुना मारून साफ केलं, लोखंडी दांड्यांना झोळ्या टांगल्या आणि तान्ही पोरं त्यात ठेवली. गुदामाच्या दुसऱ्या टोकाला माझा बालवर्ग. तीन ते पाच वर्षांची पोरं, एक फळा, आणि खेळायला खात्यातून आणलेल्या, सूत गुंडाळायच्या रिकाम्या कांड्या. मी मराठी सातवी पास, राहायला शुक्रवार पेठेत, वडील गिरणीच्या कचेरीत कारकून, म्हणून ही जागा मला मिळाली. माझं लग्न मोडलं होतं. त्याची गोष्ट इथं नको.

सुरुवातीला आमच्या पाळणाघराची फार वाहवा झाली. मॅनेजरसाहेब पाहुण्यांना घेऊन यायचे आणि बोट ओठावर ठेवून दाखवायचे, बघा, किती शांत मुलं! खरंच शांत होती. झोळ्या हलायच्या नाहीत. माझ्या वर्गातली पोरं हातात कांडी धरून बसायची, ती तशीच धरलेली राहायची. मी हातवारे करून गाणं म्हणायची आणि ती माझ्याकडे कीर्तनाला बसलेल्या म्हाताऱ्यांसारखी बघायची, डोळे उघडे आणि आत कुणी नाही.

कारण सगळ्यांना ठाऊक होतं. मला, कचेरीला, दारावरच्या गुरुसिद्धप्पा पहारेकऱ्याला. बाळगोळी. परवान्याच्या दुकानात अफू मिळायची. बायका तिच्या मोहरीएवढ्या, ज्वारीएवढ्या गोळ्या वळून पदराच्या गाठीत ठेवायच्या आणि कामाला निघताना पोराला एक द्यायच्या. आईला नावं ठेवणं सोपं असतं. एका खोलीत दोन बिऱ्हाडं, रात्रपाळीहून आलेला पुरुष दिवसा झोपलेला, पोर रडलं की तो उठून मारणार, पोराला नाहीतर आईला, जे हाताला येईल त्याला. कामावर पोरासाठी उठून गेलं तर नायकिणीचं, म्हणजे बायकांवरच्या मुकादमणीचं, तोंड सुटणार. मग शेजारीण म्हणायची, 'आगं, दी की, कायबी हुत न्हाय.' त्यात पाप आहे असं कुणाला वाटतच नव्हतं. पाप वाटलं असतं तर लपवून दिली असती. लपवाछपवी अंबुबाई आल्यावर सुरू झाली.

आधीची बाई काम सोडून गेली म्हणून हिला आणून बसवलं. पहिल्याच दिवशी तिनं एकेका झोळीत वाकून पोरांच्या पापण्या वर केल्या, तोंडाचा वास घेतला, आणि कमरेवर हात ठेवून उभी राहिली.

"मास्तरीनबाई, ही पोरं झोपल्याली न्हायत. ह्यास्नी झोपवल्यात."

"ते सगळ्यांना माहीत आहे, अंबुबाई."

"म्हाईत हाय? आन् बसलाय गप?" ती माझ्यावर अशी ओरडली की जणू गोळ्या मीच वळत होते. "वरडत न्हाय ते कोकरू दुखन्यात असतंय. हितं तर समदा कळपच मुका!"

दुसऱ्या दिवशी सकाळी ती दारात आडवी बसली. पहिली आई आली, कडेवर पोर मान टाकून. अंबुबाईनं पोराचा तळवा हातात घेतला आणि कचकन चिमटा काढला. पोरानं डोळे अर्धे उघडले, परत मिटले.

"ने माघारी."

"आवो आक्का, पाळी हाय माजी!"

"मग गोळी का दिलीस? रडल्याबिगर आत न्हाय."

त्या सकाळी दारात जो गोंधळ झाला तो काय सांगू! वांझोटी मेली, हिला काय कळतंय पोरांचं, असं बायका तिच्या तोंडावर म्हणाल्या. "व्हय, वांझ हाय," ती म्हणाली, "म्हून तर डोळं उगडं हायत." मग नायकीण आली. म्हाळसाबाई नाव तिचं. उंच, काळीसावळी, कुंकू मोठं आणि बोलणं तोडून. तिला हसताना मी पाहिलं नव्हतं.

"माज्या बाया तुज्या दारात आडकल्या तर रिळं कोन भरंल? तू?"

"भरू नगंस की मग!"

म्हाळसाबाई थेट कचेरीत गेली. मॅनेजरसाहेब तावातावानं आले, पण नेमक्या त्याच दिवशी मिशनच्या दवाखान्यातल्या नर्सबाई आल्या होत्या. त्या आठवड्यातून एकदा येऊन पोरं तपासायच्या. त्यांनी साहेबांना बाजूला घेऊन इंग्रजीत काहीतरी सुनावलं. साहेब मान हलवत परत गेले आणि चिमट्याचा कायदा पास झाला.

मग पाळणाघर बदललं. पोरं रडायला लागली, आणि रडून झालं की भूक लागल्यासारखी इकडं तिकडं बघायला लागली. माझ्या वर्गात कांड्यांचे मनोरे व्हायला लागले, ते पाडण्यावरून मारामाऱ्या व्हायला लागल्या. एक मुलगी दुसरीला चावली. एकानं माझी वेणी धरून ओढली. तोवर मी त्यांना मुकी समजत होते; आता कळलं की त्यांना मराठी, कानडी, तेलुगू तिन्हींत शिव्या येतात. मी रोज वैतागून घरी जायची, आणि खरं सांगते, मला आनंद झाला होता. शिकवायला समोर माणसं आली होती.

पण बायकाही काही कमी नव्हत्या. कोपऱ्यावरच्या लिंबाखाली थांबून आई आधीच पोराला चिमटा घ्यायची, म्हणजे दारात पोचेपर्यंत ते ऐन रंगात आलेलं असायचं. रांगच्या रांग भोकाड पसरून यायची. गुरुसिद्धप्पा म्हणायचा, "मास्तरीणबाई, आता भोंगा कशाला पायजे गिरणीला?" कुणी सकाळची गोळी संध्याकाळवर नेली, कुणी अशी वेळ साधून द्यायची की पोर आत आल्यावर गुंगावं. मी अंबुबाईला हे सांगितलं. "रडतंय न्हवं? मग झालं," म्हणाली. मायाक्का म्हणून एक जतकडची पोरसवदा बाई होती, तिची लगमी सगळ्यांत मोठ्यानं रडायची. अंबुबाई तिला उचलून साऱ्यांना दाखवायची. 'ह्येला म्हनत्यात पोर! बिनगोळीचं!'

नर्सबाई खूश होत्या, पण एक गोष्ट त्यांनी तिला माझ्यासमोर बजावून सांगितली. "अंबुबाई, ज्या मुलाला जन्मापासून सवय आहे त्याची एकदम तोडू नका. रोज थोडी थोडी कमी करायची. एकदम बंद केली तर मुलाला सोसत नाही."

"इख ते इख," अंबुबाई म्हणाली. "थोडं काय न् लई काय!"

नर्सबाईंनी पुन्हा समजावलं. पण पालथ्या घड्यावर पाणी.

बजाबाई रीळ खात्यात नवी होती. मंगळवेढ्याकडची. नवरा मार्शल लॉच्या धरपकडीत तुरुंगात गेला, सुटला, आणि घरी न येता मुंबईला गेला म्हणे. ती दिराच्या खोलीत राहायची. आधीची दोन पोरं गेलेली आणि हे तिसरं. नाव ठेवलं होतं हिंदुराव. असं सरदारी नाव आणि पोर बघावं तर ओंजळीत मावेल एवढं. दिराला पोराचा आवाज खपत नसे, त्यामुळं हिंदुरावाला जन्मल्यापासून दिवसाची गोळी होती आणि रात्रीचीही.

त्यानं दारात कधी रडून दाखवलं नाही. चिमटा काढला की नुसता ओठ वाकडा करायचा. अंबुबाई त्याला माघारी धाडायची. बजाबाईचे खाडे पडायला लागले. म्हाळसाबाईनं तिला बजावलं, आता आणखी एक खाडा झाला तर तुझ्या जागी दुसरी. तेव्हा बजाबाई गोळ्यांची पुडी घेऊन आली आणि अंबुबाईच्या देखत ती गिरणीच्या गटारात टाकली.

"सिद्रामाची आण, आक्का. आजपासनं बंद."

अंबुबाईनं तिला सगळ्यांसमोर उभं केलं. "बगा गं भवान्यांनो! ही खरी आई!" बजाबाई लाजली. तिला कुणी चांगलं म्हटल्याचं तिच्या आयुष्यात फार वेळा झालं नसावं.

दुसऱ्या दिवशी हिंदुराव रडत आला. तो दिवसभर रडला. अंबुबाई त्याला कडेवर घेऊन फिरत होती, तिच्या धनगरी ओव्या म्हणत होती, आणि तिचा चेहरा अभिमानानं नुसता फुलला होता. त्याच्या पुढच्या दिवशी त्याला शिंका सुरू झाल्या. जांभया येत होत्या, पण झोप येत नव्हती. हातपाय थरथरायला लागले, प्यालेलं सगळं उलटून पडायला लागलं, आणि मग पोट बिघडलं. मी म्हटलं, नर्सबाईंना बोलावू या.

"इख निगतंय," ती म्हणाली. "निगू द्या."

"अंबुबाई, त्यांनी काय सांगितलं होतं?"

"तुमी तुमची बाराखडी शिकवा!"

मी चिडून वर्गात गेले. त्याच्या पुढच्या दिवशी दुपारी बजाबाई अंगावर पाजायला आली तर पोर तोंडच लावेना. तिनं खूप केलं. मग भोंगा झाला आणि तिला जावं लागलं. जाताना ती दारातून मागं वळून बघत होती. अंबुबाई म्हणाली, "जा, मी हाय."

थोड्या वेळानं गुदामात एकदम शांत वाटलं. मला वाटलं, झोपला बिचारा. मी जवळ गेले. तो झोपला नव्हता. त्याचं तोंड रडण्यासाठी पूर्ण उघडलेलं होतं, छाती वरखाली होत होती, मुठी थरथरत होत्या. रडणं चालूच होतं, फक्त आवाज येत नव्हता. डोळे खोल गेले होते आणि ओठांवर पापुद्रे आले होते.

अंबुबाई त्याच्याकडे बघत उभी होती. तिच्या तोंडावरचा रंग उतरलेला मी पहिल्यांदाच पाहिला.

"मास्तरीनबाई, त्या नर्सबाई काय म्हनाल्या हुत्या?"

"एकदम तोडू नका म्हणाल्या होत्या. रोज थोडी कमी करा."

"म्हंजी ह्येला आत्ता..." मग दारात जाऊन ओरडली, "गुरुसिद्धप्पा, पळ! मिशनात जा, नर्सबाईस्नी घिऊन यी! टांगा कर, कायबी कर!" आणि मला म्हणाली, "त्या यीस्तवर ह्यो टिकत न्हाय. गोळी पायजे. आत्ता पायजे."

अफूचं दुकान पार बाजारात. पण रीळ खातं भिंतीपलीकडं, आणि तिथं किती पदरांना गाठी आहेत ते मला आणि तिला दोघींनाही ठाऊक होतं. तिनं हिंदुरावाला पटकुरात गुंडाळलं आणि खात्यात शिरली. मी मागोमाग गेले. यंत्रांचा खडखडाट चालू होता. ती मधल्या बोळात उभी राहून ओरडली, "कुनाकडं गोळी हाय? गोळी द्या मला!"

बायकांनी माना वर केल्या. एकमेकींकडे बघितलं. मग पहिली म्हणाली, "आमी कवाच सोडली की, आक्का."

"देवाच्यान न्हाय, आक्का."

"आमच्या पोरास्नी बगा की, कशी वरडत्यात!"

एकीनं तर पदराची दोन्ही टोकं सोडून दाखवली. ग्रामदेव सिद्धरामाची शपथ, आईची शपथ, पोराची शपथ. शपथांचा नुसता पाऊस. त्यांना वाटलं, ही धरायला आली आहे. दुसरं काय वाटणार? पोराला हातात घेऊन आली होती ना, म्हणजे आज पुराव्यानिशी कुणाला तरी गिरणीबाहेर काढणार.

"आगं मी धराय न्हाय आले!" अंबुबाईचा आवाज चिरकला. "ह्येला पायजे! ह्यो मरतोय!"

बजाबाई पलीकडच्या रांगेत होती. तिला ऐकू आलं. ती रीळ तसंच सोडून धावत आली, पोराचं तोंड बघितलं आणि स्वतःच्या पदराची गाठ सोडायला लागली. गाठ होतीच कुठं! रिकामा पदर दोन्ही हातांनी चाचपत ती म्हणाली, "मी गटारात टाकली की वो, आक्का. तुमीच सांगितलं की." मग तिनं अंबुबाईच्या छातीवर गुद्दे घालायला सुरुवात केली. अंबुबाईनं ते घालू दिले. पोर मात्र तिनं एका हातानं नीट वर धरलं होतं.

यंत्रं एकेक करून थांबली. म्हाळसाबाई भिंतीला टेकून उभी होती. रिळं बंद पडलेली बघून ती ओरडेल असं मला वाटलं, पण ती पोराच्या तोंडाकडे बघत होती.

अंबुबाईनं पोर माझ्या हातात दिलं आणि ती त्या तेलकट फरशीवर वाकली. डोकं टेकलं. कुणा एकीच्या पायावर नव्हे, नुसतं जमिनीवर, सगळ्यांच्या मधे.

"समद्या खोटं बोला," ती म्हणाली. "एकीनं खरं बोला. एकीनंच."

मला तेव्हा तिचा राग आला होता, हे मी आजही सांगते. पोराचा जीव ओठाशी आणून ठेवलास आणि आता डोकं टेकतेस! पण ते टेकलेलं डोकं बघवतही नव्हतं.

मायाक्का पुढं आली. लगमीची आई. तिनं कमरेला खोचलेलं कापडाचं बारकं पुडकं काढलं आणि अंबुबाईसमोर धरलं.

"सकाळची सोडली, आक्का. सांजची न्हाय सुटली."

अंबुबाईनं तिच्याकडे बघितलं, पुडक्याकडे बघितलं. नखानं गोळीचा अगदी बारीक तुकडा तोडला. बजाबाईनं वाटीत दूध पिळलं, त्यात तो खलला, आणि अंबुबाईनं आपल्या बोटानं तो हिंदुरावाच्या जिभेवर लावला. थोडा, मग थांबून आणखी थोडा. हळूहळू त्याच्या मुठी सैल झाल्या. छाती शांत झाली. बजाबाईनं त्याला घेतलं आणि भिंतीशी बसली, आणि तिच्याभोवती बायका बसल्या. रिळं कुणी सुरू केली नाहीत.

नर्सबाई टांग्यातून आल्या. सगळं ऐकून घेतलं. "उशीर केलात," अंबुबाईला म्हणाल्या. "पण दिलीत ते बरं केलंत." त्या संध्याकाळपर्यंत बसल्या, चमच्यानं पाणी पाजत. दिवसपाळी सुटायच्या सुमारास हिंदुरावानं आईच्या अंगाला तोंड लावलं. वाचेल का, मी विचारलं. "सकाळी कळेल," त्या म्हणाल्या, आणि रोज किती द्यायची, कशी कमी करायची ते अंबुबाईकडून दोनदा वदवून घेतलं. अंबुबाई शाळेतल्या पोरासारखी म्हणून दाखवत होती.

सकाळी मी रोजच्यापेक्षा लवकर गेले. अंबुबाई माझ्याही आधी येऊन उंबऱ्यावर बसली होती. बजाबाई आली. हिंदुराव कडेवर होता, आईच्या चोळीची गाठ चोखत. अंबुबाईनं त्याला मांडीवर घेतलं, त्याचा तेवढासा तुकडा त्याला दिला. देताना तिनं तोंड फिरवलं, पण हात नीट चालला. तुकडा बेताबेतानं कमी करत त्याची सवय सुटली, महिना सव्वा महिना गेला त्याला. पुढं तो माझ्या वर्गात आला आणि अक्षर ओळखायला त्यानं भयंकर वेळ लावला. असो.

तर त्या सकाळी मागं रांग लागली. लिंबाखालून चिमटे घेऊन आणलेली पोरं, सगळी भोकाड पसरून. पहिली सोनाबाई होती, तिशीची, वटवटी. तिनं पोर पुढं केलं.

"बगा आक्का, कसं वरडतंय."

अंबुबाईनं तळव्याला हात लावला नाही. "किती देतीस?"

"न्हाय वो! सिद्रामाची..."

"आण नगं घिऊ. ह्येला मी आत्ता दिली, माज्या हातानं. तू बगितलंस. आता सांग, किती?"

सोनाबाईची वटवट थांबली. तिनं मागं वळून बघितलं. मग करंगळीचं नख पुढं केलं आणि अंगठ्यानं अर्ध्यावर खूण केली. "येवढी. कवा कवा लई रडला तर आनीक येक."

"उद्यापास्नं ह्येच्यातलं जरा कमी करायचं. मी सांगते कसं. जा, ठीव आत."

दुसरी आली. तिनं विचारायच्या आधीच सांगितलं. मग तिसरी. कुणी हळू आवाजात सांगत होती, कुणी मोठ्यानं, कुणी सासू देते म्हणून सांगत होती, आणि एक बाई सांगता सांगता मटकन खालीच बसली. मी आत पोरं घेता घेता ऐकत होते आणि माझे डोळे भरून येत होते. मला रडायला सहज येत नाही. भोंगा होऊन गेला. रांग पुढं सरेना, कारण प्रत्येकीला सांगायचं होतं. गोळी कुणी दिली, कधीपासून, कशासाठी. कुणी विचारलंच नव्हतं त्यांना आजवर. चिमटे काढले होते, शिव्या दिल्या होत्या, मी मनातल्या मनात नाक मुरडलं होतं, पण किती देतेस बाई, असं कुणी विचारलं नव्हतं.

रांग संपत आली तेव्हा शेवटी म्हाळसाबाई उभी असलेली दिसली. अंबुबाईला वाटलं, ही बाया न्यायला आली.

"सोडते, नायकीणबाई. झालंच."

"मला सांगायचं हाय," म्हाळसाबाई म्हणाली.

अंबुबाईनं वर बघितलं. म्हाळसाबाईच्या कडेवर कुणी नव्हतं. तिनं इतरांसारखीच करंगळी पुढं केली.

"येवढी देत हुते." मग अंगठा जरा खाली सरकवला. "येक दिस येवढी दिली. दोन पाळ्या लागोपाठ आल्या हुत्या. उठलाच न्हाय त्यो. दिष्ट लागली म्हून सांगितलं समद्यास्नी. घरच्या मालकास्नी बी तेच सांगितलं. अजून तेच म्हाईत हाय त्यास्नी."

मी दारात पोर घेऊन उभी होते, ती तशीच उभी राहिले. इतकी वर्षं ती बाई रीळ खात्यात तोडून बोलत फिरत होती आणि आम्ही तिला खाष्ट म्हणत होतो.

"नाव काय हुतं?" अंबुबाईनं विचारलं.

"बिरप्पा."

अंबुबाई बाजूला सरकली. हिंदुरावाला तिनं दुसऱ्या मांडीवर घेतलं आणि उंबऱ्यावर जागा केली. "बस," म्हणाली.

म्हाळसाबाई बसली. कचेरीचा शिपाई तिला शोधत आला, रिळं का बंद आहेत विचारायला. त्यानं दोघींकडे बघितलं आणि आल्या पावली परत गेला.